गच्चीवरचा निळा टॉवेल

माझा मामा कशाकशाला घाबरायचा हे सांगण्यापेक्षा कशाला घाबरायचा नाही हे सांगणं सोपं जाईल, पण तसं काही मला अजून सापडलेलं नाही. गॅसचं बटण बंद केलं का हे तो बघायचा, नीट बघितलं का हे मामीला विचारायचा आणि जिना उतरल्यावर मला पुन्हा वर पाठवायचा. कुत्रं दिसलं की रस्ता बदलायचा. त्या रस्त्यावरही कुत्रं निघालं की घरी परत यायचा. दारावर अनोळखी थाप पडली की मामीला पुढे करायचा आणि स्वतः मोरीत जाऊन नळ सोडायचा. मी शिकायला म्हणून या दोघांकडे आले आणि नोकरी लागल्यावरही तिथेच राहिले, त्यामुळे हे सगळं मी जवळून पाहिलंय. कधी हसून लोळले, कधी इतकी चिडले की दार आपटून बाहेर गेले. जिना उतरले की मात्र मलाही वाटायचं, गॅस बंद केला ना?

अशा माणसाला नशिबाने नोकरी द्यावी तरी कुठे? सरकारी छापखान्यात, आणि तोही जिथे देशाचं बजेट छापतात तो. मामा बांधणी विभागात होता. छापून आलेली पानं जुळवायची, शिवायची, कडा कापायच्या, पुठ्ठा चढवायचा. बजेट जवळ आलं की या माणसांना आत घेऊन बाहेरून कुलूप लावायचे. अर्थमंत्र्यांचं भाषण संपेपर्यंत कुणी बाहेर यायचं नाही. फोन दारातच काढून घेत. खालच्या मजल्याच्या काचांना पांढरा रंग फासलेला असे. जेवण आत, झोपणं आत. कशावर कर वाढणार हे बाजाराला आधी कळलं तर साठेबाजांची जुनी कर्जंसुद्धा फिटतील, म्हणून एवढा बंदोबस्त. छापखान्यातले लोक याला कोंडवाडा म्हणायचे. कोंडवाड्यात शिरताना एक नियम मोठ्याने वाचून दाखवत: बाहेर कोणत्याही मार्गाने निरोप किंवा खूण पाठवणारा नोकरीला मुकेल आणि तुरुंगात जाईल. बाकीचे जांभया देत ऐकायचे. मामा मात्र दरवर्षी पहिल्यांदाच ऐकत असल्यासारखा घामाघूम व्हायचा.

"अहो, कर नाही त्याला डर कशाला?" मामी म्हणायची.

"अगं, करच तर छापतो आम्ही. म्हणून तर डर."

त्याची खरी भीती होती ती काही कळण्याची. जे आपल्याला माहीतच नाही ते तोंडातून निसटणार नाही, असं त्याचं साधं गणित. म्हणून तो पानांचा गठ्ठा टेबलावर उलटा ठेवायचा, अक्षरांचं डोकं खाली आणि पाय वर. कोपरे जुळवायला अक्षरं लागत नाहीत. पानांचे आकडे तेवढे उलटे ओळखायला तो शिकला होता. सोबतच्यांनी त्याचं नाव 'शीर्षासन' पाडलं होतं. सगळ्या कोंडवाड्यात दूध स्वस्त होणार की साबण महागणार यावर पैजा लागायच्या आणि शीर्षासन मात्र कानात कापूस घालून दोरा ओवत बसायचा. सुटून आला की बजेटची बातमी तो आमच्याबरोबर टीव्हीवर पहिल्यांदा बघायचा आणि "अरे बापरे, हे पण वाढवलं?" म्हणायचा. शेजाऱ्यांना वाटे हा नाटक करतोय.

आता टॉवेलबद्दल. काही वर्षांपूर्वी मामा आत असताना त्याच्या छातीत दुखलं होतं. आतल्या डॉक्टरने गोळ्या देऊन निजवून ठेवलं. मामीला हे कळलं ते तो घरी आल्यावर. ती इतकी हादरली की तिने त्याला जेवायला वाढायच्या आधी चांगलं फैलावर घेतलं. "मी इकडे भाजी निवडत बसले होते आणि तुम्ही तिकडे..." मग तिनेच युक्ती काढली. आतली माणसं आपले कपडे धुऊन गच्चीवरच्या दोरीवर वाळत घालायची, आणि ती दोरी समोरच्या बाजाररस्त्यावरून दिसायची. दोरीवर मामाचा पांढरा बनियन दिसला की तब्येत ठीक. निळा टॉवेल दिसला तर छातीत काहीतरी आहे.

"खूण म्हणजे नियमभंग," मामा म्हणाला. आवाज पार खाली गेला होता.

"टॉवेल वाळत घालणं गुन्हा आहे का? तुरुंगात काय माणसं ओलेच टॉवेल वापरतात?"

मामीपुढे मामाचं कधी चाललं नाही. निळा टॉवेल दरवर्षी त्याच्या पिशवीत तळाशी जायचा आणि घडी न मोडता परत यायचा.

त्या वर्षीही आम्ही दोघी रोज संध्याकाळी छापखान्यासमोरच्या किराणा दुकानापाशी जायचो. दुकानदार तोंडाने गोड, वजनाला जरा हलका, आणि मामा आत बांधणीत असतो हे त्याला ठाऊक. मामी त्याच्याकडून काडेपेटी घ्यायची, वर बघायची, बनियन बघून सुस्कारा सोडायची आणि आम्ही घरी यायचो. आमच्या घरात काडेपेट्यांचा डोंगर झाला होता. एके दिवशी मी काहीतरी बडबडत होते आणि मामीने माझा दंड इतका जोरात धरला की मी ओरडलेच. मी वर बघितलं. दोरीवर निळा टॉवेल होता.

मी चेष्टा करणारी बाई आहे, पण त्या क्षणी माझ्या तोंडचं पाणी पळालं. मामीचे ओठ पांढरे पडले होते. ती तशीच रस्ता ओलांडून फाटकापाशी गेली. मी तिच्या मागे.

"आत सगळे बरे आहेत ना?" तिने पहारेकऱ्याला विचारलं.

"बरे आहेत बाई."

"बांधणी विभागात कुणाला काही..."

"काही असतं तर कळवलं असतं. तुम्हाला कुणी सांगितलं काही?" पहारेकऱ्याने मान वर केली. "आतून काही निरोप आलाय का?"

"नाही, नाही," मामी म्हणाली आणि दोन पावलं मागे सरली. टॉवेल दिसला असं म्हणावं तर नवरा तुरुंगात. न म्हणावं तर आत तो तडफडतोय की काय, कोण जाणे. तिथे फाटकाच्या गजांपाशी मला पहिल्यांदा समजलं की मामा वर्षानुवर्षं कसल्या धास्तीत जगत असेल.

मामी परत दुकानात आली. माणूस घाबरला की काय करेल याचा नेम नाही. कुणी देव आठवतो, कुणी पळत सुटतो. मामीने सामान घेतलं. नवरा दवाखान्यात पडला तर बाजाराला जायला कोण मोकळं असणार, या विचाराने तिने तेलाचे डबे घेतले, चहा घेतला, साबण घेतला, मग आणखी एक तेलाचा डबा घेतला. वर टॉवेलकडे बघायची आणि डबा मागायची. दुकानदारही वर बघत होता. त्याने हातगाडी करून दिली आणि कटकट न करता सुटे पैसे परत दिले. तेव्हाच मला शंका यायला हवी होती.

पुढचे दिवस कसे गेले ते मला नीट सांगता येणार नाही. टॉवेल दोरीवरून हललाच नाही. मामी वर बघायला जायची आणि भिंतीला टेकून उभी राहायची. घरी स्वयंपाक व्हायचा, पण जेवायचं कुणी नाही. ती अर्ध्या वाक्यात थांबायची आणि म्हणायची, "तो डॉक्टर काय, डोकेदुखीच्या गोळ्या देणारा." मी तिला धीर देत होते आणि माझाच आवाज मला परका वाटत होता.

भाषणाच्या दिवशी टीव्हीवर अर्थमंत्री बोलत होते आणि आम्ही दोघी छापखान्याच्या फाटकाबाहेर उभ्या होतो. दुकानातल्या टीव्हीचा आवाज रस्त्यावर येत होता. आयात होणाऱ्या खाद्यतेलावरचा कर वाढवला, असं मंत्री म्हणाले आणि दुकानात कुणीतरी टाळी वाजवली. मला त्याचा अर्थ तेव्हा कळला नाही. फाटक उघडलं, माणसं बाहेर आली आणि त्यांच्यात मामा होता, स्वतःच्या पायांवर, पिशवी काखेत धरून. मामीने भर रस्त्यात त्याच्या छातीवर हात ठेवला.

"दुखतंय का?"

"थोडं वाटलं होतं. आता ठीक आहे."

ती त्याला तशीच दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरने छातीला तारा लावल्या, कागदावरच्या रेघा बघितल्या. "हृदय उत्तम आहे," तो म्हणाला. "कसला धसका घेतला होता का?" मामाने मान हलवली. ती हो म्हणून हलवली की नाही म्हणून, हे त्याच्याकडे बघणाऱ्याला कळलं नसतं.

सगळं इथेच संपायला हवं होतं. पण दुकानदाराला यश पचलं नाही. मामीने टॉवेल बघितला, पांढरी पडली आणि तेल घेतलं. एवढ्यावरून सुताने स्वर्ग गाठून त्याने दुकान तेलाने भरलं होतं. त्याचं बघून शेजारच्याने भरलं, त्याचं बघून घाऊक बाजारातल्या दोघांनी. कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली, तेलाचा कर वाढला आणि या सगळ्यांची चांदी झाली. मग हा गडी गिऱ्हाइकांना सांगत सुटला, "आमच्या वहिनींचा टॉवेल बोलतो बरं का!" गिऱ्हाइकांकडून ते वर्तमानपत्रात गेलं. 'बजेट फुटलं? गच्चीवरच्या कपड्यांमधून इशारे?' आमच्या मामाचं नाव त्यात नव्हतं. पण 'बांधणी विभागातील एक कर्मचारी' एवढं वाचून मामा जो खाली बसला तो उठेचना.

मग एक माणूस येऊन सांगून गेला की दोघा नवरा-बायकोंनी चौकशीला हजर राहायचं. त्या वेळी दारावर थाप पडली तेव्हा मामा मोरीत गेला नाही. स्वतः दार उघडलं, ऐकलं, दार लावलं. मला ते पाहून जास्त भीती वाटली.

घरात आम्ही कुजबुजत बोलायला लागलो. भिंतीलाही कान असतात म्हणतात, आमच्या भिंतीला तर शेजारीण होती. मामीने टॉवेल गादीखाली लपवला. मग झडती झाली तर, म्हणून डाळीच्या डब्यात. मग तिने कात्री घेतली आणि त्याची फरशी पुसायची फडकी केली.

"मामी, हा पुरावा नष्ट करणं झालं," मी म्हणाले. "त्याची वेगळी शिक्षा असते."

खरं तर मला काही माहीत नव्हतं, कुठेतरी ऐकलं होतं. तिने माझ्याकडे पाहिलं, सुई-दोरा घेतला आणि ती फडकी पुन्हा जोडायला बसली. टाके वाकडे येत होते, कारण डोळ्यांतून पाणी वाहत होतं. मामा तिच्या शेजारी बसला, तिच्या हातातून सुई घेतली आणि बांधणीवाल्याच्या सरळ टाक्यांनी टॉवेल शिवून दिला.

"खरं सांगितलं तर खुणेचा गुन्हा," मामी म्हणाली. "नाही सांगितलं तर तेलाचा. अहो, काय सांगायचं?"

"मी सांगेन काय ते," मामा म्हणाला. पण काय, ते त्याने आम्हालाही सांगितलं नाही.

चौकशीच्या खोलीत एक लांब टेबल, एक कुरकुरणारा पंखा आणि चष्मा कपाळावर चढवलेला एक अधिकारी होता. त्याला सर्दी झाली होती. मामीने माझा हात सोडलाच नाही म्हणून मलाही आत बसू दिलं.

"तेलाचा कर वाढणार हे तुम्हाला कधी कळलं?" त्याने मामाला विचारलं.

"टीव्हीवर, साहेब. मी पानं वाचत नाही. गठ्ठा उलटा ठेवतो. कुणालाही विचारा."

"विचारलं. सगळे तेच म्हणाले." अधिकाऱ्याने नाक पुसलं. "मग टॉवेल कशाची खूण होती?"

मामाच्या कपाळावरचा घाम भुवईवर येऊन थांबला होता. आता हा कोसळतो, असं मला वाटलं. आणि मामी उभी राहिली. तिने पिशवीतून तो शिवलेला टॉवेल काढून टेबलावर ठेवला.

"खूण माझी आहे साहेब. हे नको म्हणत होते, मीच भरीला घातलं. यांच्या छातीत दुखतं. दुखलं तर निळा टॉवेल घाला म्हटलं, एवढंच. तेल मी घाबरून घेतलं. शिक्षा करायची तर मला करा. यांना काही केलंत तर यांचं हृदय..."

"माझं हृदय ठीक आहे," मामा म्हणाला.

मामी त्याच्याकडे वळली.

"माझ्या छातीत दुखलं नव्हतं," तो तिला म्हणाला. अधिकाऱ्याला नाही, तिला. "मी खोटं बोललो."

"मग टॉवेल का घातलात?" हेही अधिकाऱ्याने नाही, मामीनेच विचारलं. तिचा आवाज चिरकला होता. "मी इकडे अर्धी मेले होते. का घातलात?"

मामाने टेबलाची कड दोन्ही हातांनी धरली आणि सांगायला लागला. गठ्ठा नेहमीसारखा उलटा होता. पण छपाईवाल्यांच्या हातून एक पान उलटं लागून आलं होतं. सगळी पानं डोकं खाली, आणि ते एकटंच त्याच्यासमोर सरळ उभं राहिलं. उलटं लागलेलं पान फिरवणं हे बांधणीवाल्याचं कामच. त्याने ते हातात घेतलं आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा त्याच्या डोळ्यांनी त्याला न विचारता वाचलं. सरकारी खात्यांच्या खर्चाचं पान होतं. आपल्या छापखान्याचं नाव दिसलं म्हणून नजर अडकली. नावापुढे गेल्या वर्षीचा खर्च होता. पुढच्या वर्षीच्या रकान्यात आकडा नव्हता, नुसती आडवी रेघ होती. खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं की यापुढे बजेट कागदावर छापलं जाणार नाही, पडद्यावर वाचलं जाईल, आणि छापखाना बंद होईल.

"मला भीती वाटली," मामा म्हणाला. "आजूबाजूला सगळे हसत-खेळत काम करत होते. कुणाला सांगायचं नाही, नियम आहे. ते पान मी फिरवून गठ्ठ्यात ठेवलं आणि शिवलं. आमचंच पान, मीच शिवलं. मग मला श्वास घेता येईना. मला वाटलं, हिला कळावं. काय झालंय ते नको, पण काहीतरी झालंय एवढं. आणि माझ्याकडे तो टॉवेल सोडून दुसरं काही नव्हतं."

मामी खुर्चीत बसली. जो माणूस कुत्रं दिसलं तरी घरभर ओरडून सांगायचा, त्याने घरी आल्यापासून याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. तेल महागलं, तेल महागलं, म्हणून सगळा गाव ओरडत होता आणि ती रेघ, तिच्याखालची बारीक अक्षरं कुणीच वाचली नव्हती. आम्हीसुद्धा नाही.

अधिकाऱ्याने चष्मा कपाळावरून डोळ्यांवर घेतला. त्या रेघेची त्याला माहिती असावी, कारण त्याने मामाकडे बघायचं टाळलं. आम्हाला बाहेर बसायला सांगितलं. बाकावर आम्ही तिघं चिकटून बसलो. तुरुंगात भेटायला डबा नेऊ देतात का, असं मामीने मला हळूच विचारलं.

पुन्हा आत बोलावलं तेव्हा त्याने उभ्या-उभ्याच निकाल सांगितला. तेलाची बातमी फोडल्याचा आरोप टिकत नाही. खूण केल्याचा गुन्हा मात्र सिद्ध झाला आहे. पूर्वीचं काम चोख असल्यामुळे तुरुंग नाही.

"पण शिक्षा म्हणून," तो म्हणाला, "पुढच्या वर्षीपासून तुम्हाला बजेटच्या कामावर आत घेतलं जाणार नाही."

मामाने हात जोडले. "बरं साहेब," म्हणाला.

परतताना आम्ही त्याच बाजाररस्त्याने आलो. मला वाटलं होतं, सुटकेचा आनंद होईल. पण तसा काही झाला नाही. छापखान्यासमोर मामी थांबली आणि सवयीने वर बघितलं. गच्चीवरची दोरी रिकामी होती.

"मग आता तुम्हाला भीती वाटली तर मला कसं कळणार?" तिने विचारलं.

मामाने त्या दोरीकडे बघितलं. नोकरीची अजून थोडी वर्षं बाकी होती. दुसरीकडे पाठवतील की घरी बसवतील, काही कळत नव्हतं. या वयात त्याला पानं शिवण्याशिवाय काही येत नव्हतं.

"सांगतो ना," तो म्हणाला. "आत्ताच वाटतेय. फार वाटतेय."

"मलाही," मामी म्हणाली. तिने टॉवेलची पिशवी छातीशी धरली. तिचे ओठ पुन्हा तसेच पांढरे पडले होते.

समोर दुकानाच्या पायरीवर दुकानदार उभा होता. त्याने मामीच्या तोंडाकडे बघितलं, मग मामाच्या, मग गच्चीकडे. दोरीवर काही नाही हे त्यालाही दिसलं असणार. पण तो घाईघाईने आत गेला, फोन उचलला आणि तेलाचे आणखी डबे मागवले.